उपरण्याखालचं जग

घोडेगावच्या जनावरांच्या बाजारात भाऊसाहेबांचा आवाज फारसा कुणी ऐकलेला नव्हता, आणि तरी त्यांच्याइतकं बोलणारा माणूस तिथं दुसरा नव्हता. दलाल बोलतो तो उपरण्याखाली. आधी विकणाऱ्याचा हात कापडाखाली घ्यायचा, मग घेणाऱ्याचा. किती बोटं धरली, अख्खी धरली की अर्धी, यावर भाव ठरतो. भोवती बघ्यांचं कोंडाळं असलं तरी आकडा कळतो तो ज्याचा हात आत आहे त्यालाच. भाऊसाहेबांनी उभा जन्म असा कापडाखाली काढला.

मग त्यांच्या अंगावरून वारं गेलं. पाय हळूहळू सुधारला. जीभ तर अशी सुटली की त्यांची बायको बनुबाई म्हणायची, "देवानं नको ते आदी दुरुस्त केलं." पण उजव्या हाताची शेवटची दोन बोटं तळव्यात मिटली ती मिटलीच. तशाच हातानं ते एकदा बाजारात गेले. गोरक्ष नावाचा जुना व्यापारी गाय विकायला आला होता. भाऊसाहेबांना त्याची चार बोटं धरायची होती, पकडीत आली दोनच. एवढा कमी भाव लागलेला कळताच गोरक्ष भडकला, मग त्याचं लक्ष हाताकडं गेलं आणि तो एकदम गप्प झाला. त्याचं ते गप्प होणंच भाऊसाहेबांना लागलं. ते घरी आले आणि पुन्हा बाजाराचं नाव काढेनात. डॉक्टरांनी दाबायला दिलेला रबरी चेंडू त्यांनी कोनाड्यात टाकून दिला. दलालाचा हात गेला म्हणजे राहिलं काय, हे त्यांनी मनाशी पक्कं करून टाकलं होतं.

घरात त्यांची सून होती, रेश्मा. पुण्यातल्या एका कंपनीसाठी ती घरी बसून मोबाईलवरच्या खेळांच्या गोष्टी लिहायची. अशा खेळात एक अख्खं जग असतं, त्यात राजे असतात, नद्या असतात, आणि ते जग मुळात झालं कसं हेही कुणाला तरी लिहावंच लागतं. नव्या खेळातल्या जगाचं नाव होतं निमाळ, आणि त्याच्या जन्माची कथा रेश्माच्या वाट्याला आली होती. दुपारी ओट्यावर बसून तिनं ती सासऱ्यांना वाचून दाखवली.

सुरुवातीला निमाळ नव्हतंच. नुसता अंधार होता आणि एक पोकळी होती. अंधाराकडं एक पांढरी गाय होती आणि तिच्या पोटात उजेड होता. पोकळीला ती गाय हवी होती, पण दोघांनाही तोंड नव्हतं. मग अंधारानं आपलाच पदर पसरला आणि त्याखाली दोघांचे हात गेले.

"मदी कोन हुतं?" भाऊसाहेबांनी विचारलं.

"मध्ये कुणी नाही, मामा. दोघंच."

"बिनदलालाचा सौदा? अगं, पोकळी कमीच सांगनार, अंधार अडून बसनार. तुजं जग तितंच अडकून पडंल!"

रेश्मा हसली खरी, पण तिनं कथेत तिसरा हात घातला. त्याचं नाव मधला. त्याला ना चेहरा ना घर, फक्त हात. झालं, भाऊसाहेबांना नादच लागला. गाय किती दाती आहे, आधी किती वेळा व्याली, मारकी तर नाही ना? घेणाऱ्या पोकळीलाही सुचली नसती अशी चौकशी त्यांनी केली. बनुबाईनं कपाळाला हात लावला.

पुढं कंपनीनं निमाळचं चिन्ह मागितलं. रेश्मानं उपरणं आणलं. "मामा, याखाली हात पसरा. मी बघून काढते."

"दुसऱ्या कुनाचा घे."

"मला तुमचाच पाहिजे."

नाइलाजानं त्यांनी हात घातला. कापडावर तीन उंचवटे आले आणि पुढं नुसता उतार. भाऊसाहेबांनी मान फिरवली. रेश्मानं मात्र दिसलं तसंच काढलं, पदरचं एक बोट घातलं नाही. कथेत तिनं लिहिलं की सौदा जुळला, गाय व्याली, उजेड झाला, पण मधल्यानं दोन बोटं मिटूनच ठेवली. निमाळमध्ये जे अजून जन्मायचं आहे, ते त्या बोटांत आहे. म्हणून तिथली माणसं दारावर, ढालीवर, पाळण्यावर तीन उंचवटे आणि एक उतार काढतात.

तिनं हेही भाऊसाहेबांना वाचून दाखवलं. दुसऱ्या दिवशी सकाळी चेंडू त्यांच्या हातात होता. घरात कुणी विचारलं नाही, त्यांनीही सांगितलं नाही.

बरेच महिने गेले. करंगळी जरा वाकडी राहिली, पण बोटं उघडली. एका बाजाराला ते गेले, त्याच गोरक्षची एक गाय त्यांनी उपरण्याखाली विकून दिली आणि तडक घरी येऊन रेश्मासमोर पंजा पसरला.

"बग. पाचीच्या पाची. आता चित्र बदल."

रेश्माला काय करू नि काय नको असं झालं. तिनं लगेच लॅपटॉप उघडला. "आजच कळवते कंपनीला. करतील ते."

पडद्यावर ते चिन्ह आलं. भाऊसाहेब वाकून त्याच्याकडं बघत राहिले. आयुष्यात त्यांनी कुणाचे आभार मानले नव्हते. दलालीत तशी वेळच येत नाही, सौदा झाला की दोघं दोन वाटांनी जातात.

"न्हाई, ऱ्हाऊ दे तसंच," ते म्हणाले. "बऱ्या हाताला सगळेच इचारत्यात, पोरी. माजा हात कामातनं गेल्ता तवा तू त्याच्याकडनं जग करून घेतलंस. लई उपकार झाले तुजे."