दस्तीखालचा सौदा

बाबांना लकवा मारला त्याला सात महिने झाले होते. बोलणं गेलं, उजवा हात गेला आणि आपण बोलतो ते त्यांना कळतं की नाही, हे डॉक्टरही ठामपणे सांगेनात. आई रोज विचारायची, "आवं, वळखलं का मला?" बाबा भिंतीकडे बघत बसायचे. मला तिचा राग यायचा आणि स्वतःचा त्याहून जास्त, कारण माझी तर विचारायचीही हिंमत होत नव्हती.

दिवाळीला जवळा बाजार या गावी माहेरी गेले, तेव्हा एका दुपारी टीव्हीवर अंतराळातल्या दोन हेरांचा सिनेमा लागला, हिंदीत. असल्या सिनेमांना मी कायम नाक मुरडत आले. पण हा बघताना माझ्या हातातला लसूण सोलायचा तसाच राहिला. काय ते रंग! जांभळ्या आभाळात तरंगणारी शहरं, काचेच्या पंखांची माणसं, बोट लावताच उमलणाऱ्या भिंती. ज्याला कुणाला हे सुचलं, त्याची दृष्टच काढायला हवी.

चोरीला गेलेलं एक जनावर शोधत ते दोघं हेर कुठल्याशा ग्रहावरच्या बाजारात शिरले. बाजार मात्र अगदी खरा वाटत होता, धूळ आणि आरडाओरड्यासकट. जनावर निळ्या कातडीचं, सहा पायांचं, शिंगांतून उजेड सांडणारं. एक व्यापारी पुढे झाला आणि त्याचे दात बघू लागला.

तेवढ्यात माझ्या शेजारी बसलेले बाबा हलले. डाव्या हाताने त्यांनी खांद्यावरची दस्ती ओढली, माझ्या हातावर टाकली आणि त्या कापडाखाली माझी बोटं धरली.

बाबा जनावरांचे दलाल. शेजारच्याला भाव कळू नये म्हणून बैलांचे सौदे त्यांनी जन्मभर असेच केले, दस्तीखाली बोटं दाबून. मला बाजारात कधी नेलं नाही, पण घरी हे सगळं हौसेने शिकवलं होतं. आई तेव्हा चिडायची, "पोरीला काहून शिकवून राहिले?"

एक बोट म्हणजे दहा हजार. बाबांनी चार धरली होती. त्या सहापायी जनावराचे चाळीस हजार!

माझे डोळे भरून आले. तरी मुद्दाम मी त्यांचं एकच बोट दाबलं. बाबांनी माझा हात झिडकारला आणि रागाने पाहिलं. भिंतीकडे नाही, माझ्याकडे.

ते दारातून पाहून आई स्वयंपाकघरातून धावत आली. "काय झालं? काहून झटकला हात?"

"भाव पाडून मागितला मी," मी रडत हसत म्हणाले. "आई, त्यांना सगळं कळतंय गं."

पिठाचा हात पदराला पुसून आई बाबांसमोर बसली आणि दस्ती उचलून तिने दोघांच्या हातांवर टाकली.

"एक बोट म्हंजे व्हय, दोन म्हंजे न्हाई," ती म्हणाली. "आता सांगा, वळखलं का मला?"

बाबांनी तिची पाचही बोटं धरली.