प्लॅस्टरवाली लोसालिने

नेयाफूच्या इस्पितळात सगळ्यात मागे, धुतलेल्या चादरी वाळत घालतात त्या अंगणाकडे उघडणारी एक खोली आहे. तिथे लोसालिने असते. आमच्या बेटांवर जो कोणी नारळावरून पडला, रग्बीत आपटला, बोट आणि धक्का यांच्यामध्ये हात चेंगरून घेतला किंवा लग्नात नाचता नाचता घसरला, तो या खोलीतून गेलेला आहे. मीही गेलोय. चर्चच्या हॉलमध्ये आमचं विनोदी नाटक रंगात आलं होतं. मी पाद्र्याच्या बायकोच्या वेषात टेबलावर उभा राहून भाषण ठोकत होतो. टेबलाचा पाय मोडला आणि माझं मनगटही. लोकांना वाटलं, नाटकातलंच आहे. टाळ्या थांबेनात. मी डाव्या हाताने झगा सावरत दोनदा वाकून नमस्कार केला आणि मगच भोवळ येऊन पडलो. तेव्हा तर आणखी टाळ्या!

लोसालिने माझी भाची, धाकट्या बहिणीची मुलगी. पण त्या खोलीत ती कुणाचीच भाची नसते.

"मामा, ओरडायचं असेल तर आत्ता ओरडून घ्या," ती म्हणाली. "पट्टी ओली झाल्यावर मला ऐकायला वेळ नसतो."

तिचं काम बघत राहावं असं आहे. बादलीतल्या कोमट पाण्यात प्लॅस्टरच्या पट्टीचा गुंडाळा बुडवायचा. बुडबुडे यायचे थांबले की दोन्ही टोकं धरून हलकेच पिळायचा. मग कापसाच्या थरावरून तो नुसता लोळवत न्यायचा, ताणायचा नाही. आणि वरून फिरवायचा तो तळवा. बोटाचं टोक चुकूनही टेकवायचं नाही, कारण बोट टेकलं की खळगा पडतो, आणि तोच खळगा पुढे आत रुतून जखम करतो. पहिल्या दिवशी सूज असेल तर ती पूर्ण प्लॅस्टर घालतच नाही. खालून अर्धी फळी बांधते, सूज उतरायला जागा ठेवते. प्लॅस्टर घट्ट होताना गरम होतं तेव्हा माणसं घाबरतात. ती म्हणते, "घाबरू नका, आत रताळं भाजतंय."

तिची खरी लढाई आमच्या हाडवैद्यांशी. आमच्याकडे इस्पितळातून बाहेर पडलेला माणूस सरळ घरी जात नाही. मावशी, आत्या, शेजारीण, सगळ्यांचं एकच म्हणणं असतं, की हाडाला तेल लागलं पाहिजे आणि त्यावर हात फिरला पाहिजे. मग प्लॅस्टर कापून काढायचं, खोबरेल चोळून घ्यायचं आणि तपासणीच्या दिवशी तीच दोन शकलं पायावर ठेवून मासेमारीच्या दोऱ्याने बांधून, वर मोजा चढवून, निष्पाप चेहऱ्याने रांगेत बसायचं. लोसालिने दारातूनच वास घेते.

"आज कुठल्या फुलाचं तेल?" ती विचारते.

"कसलं तेल, ताई?"

"बरं. मग त्या मोज्यातून मासा तेवढा काढा, दोऱ्याला लागला असेल."

रांग हसते. ती हसत नाही, रागावतही नाही. नव्याने पट्टी भिजवायला घेते.

पूर्वी ती हसायची. केलेपी गेला तेव्हापासून बंद झालं. केलेपी तिचा नवरा. दांडगा माणूस. बोटीत जाळं ओढता ओढता छातीत कळ आली आणि तो त्याच जाळ्यावर पडला. किनाऱ्यावर आणला तेव्हा लोसालिने कामावरून तशीच आली होती, कोपरापर्यंत वाळलेलं पांढरं प्लॅस्टर. तिनेच त्याला तेल लावलं, कपडे घातले. आमच्याकडे बायका मयताला मोकळेपणी गळा काढतात, छत हादरतं. मी उभं आयुष्य रंगमंचावर रडलोय, मला खरं-खोटं कळतं, आणि त्या दिवशी सगळं घर खरं रडत होतं. फक्त तिच्या डोळ्यांत काही नव्हतं. ती त्याच्या पायाखालची चटई सारखी करत होती. त्यानंतर ती तशीच राहिली. जेवायला वाढलं तर जेवायची. प्रार्थनेला यायची, गाण्याच्या वेळी उभी राहायची, तोंड हलवायची. कबरीवर पांढरी वाळू घालायला नणंद जायची, ही जात नसे. "नीट झोपवलंय मी त्याला," एवढंच म्हणायची.

अशी काही वर्षं गेली, मग मानासेचा पाय मोडला. मानासे केलेपीचा धाकटा भाऊ. मोटरसायकलवरून येताना रस्त्यात डुक्कर आडवं आलं. डुकराला वाचवलं आणि नडगी मोडून घेतली.

"डुक्कर कसं आहे?" लोसालिनेने पट्टी भिजवताना विचारलं.

"वहिनी, सगळे तेच विचारतायत! माझी चौकशी कोणी करणार आहे का?"

"तू समोर दिसतोयस. डुक्कर दिसत नाही."

तिने त्याचं हाड बसवलं, आधी फळी, मग मांडीपासून प्लॅस्टर. दिवस भरल्यावर करवतीने कापून काढलं. नव्या एक्स-रे फोटोत हाड जुळलेलं दिसत होतं, सरळ रेघ. डॉक्टर खूश झाले. पण मानासेची नडगी दुखायची थांबेना. काठी सुटेना. बोटीवर उभं राहता येईना, आणि केलेपीनंतर घरात बोट चालवणारा तोच एकटा. पुन्हा फोटो काढला. हाड ठणठणीत. औषधं दिली. काही फरक नाही. लोसालिने रोज संध्याकाळी त्याच्या घरी जाऊन पाय मांडीवर घ्यायची आणि तळव्याने चाचपायची.

"इथे?"

"तिथेच. कोणीतरी दोरीने आवळतंय असं वाटतं, वहिनी."

हे ऐकलं आणि पेलेनाइसे उठून उभी राहिली. पेलेनाइसे ही त्या भावांची थोरली बहीण. आमच्याकडे बहिणीचा मान भावांच्या वर. मयतात, लग्नात तिचा शब्द शेवटचा. दुसऱ्याच दिवशी ती कमरेला चटई बांधून, म्हणजे औपचारिक कामाला जातात तशी, लोसालिनेच्या घरी आली. मी तिथेच रताळी सोलत बसलो होतो.

"तुझं प्लॅस्टर चुकलं असं कोणी म्हणत नाही," ती बसता बसता म्हणाली. "दुखतंय ते मानासेचं नाहीच. केलेपीचं आहे."

लोसालिनेने माझ्यापुढची सालं गोळा करायला घेतली.

"कबरीत मूळ शिरलंय. त्याच्या पायाला आवळतंय, म्हणून याचा पाय दुखतोय. आईच्या वेळी माझा खांदा असाच धरला होता. उघडलं, मूळ काढलं, खांदा मोकळा झाला. शनिवारी उघडू."

"नको, वन्सं."

"नको म्हणजे?"

"त्याला नीट झोपवलंय मी. पुन्हा उठवायचं नाही."

"अगं, तो झोपलाय कुठे? त्याला त्रास होतोय म्हणून तर सांगतोय तो."

"ती बाटली द्या इकडे," लोसालिने मला म्हणाली. तिथे बाटली नव्हती. तिला बहुतेक विषय बदलायला निमित्त हवं होतं.

पेलेनाइसेचा आवाज खाली आला. "हे बघ, मी हुकूम करू शकते. करत नाही. खणायला माणसं आहेत, पण हाडांना हात लावायला मला तूच हवीस. आम्ही कुठलं हाड कुठे ठेवू? पायाचं हातात ठेवू आणि मग दोन्ही भाऊ लंगडतील."

लोसालिनेने मान वर केली नाही. "मला काही वाटलं नाही तर?" ती म्हणाली.

"कधी?"

"उघडल्यावर. त्याला बघून. तेव्हाही काही वाटलं नाही तर मी काय करू?"

पेलेनाइसेने कमरेची चटई सारखी केली. मग म्हणाली, "काही वाटायला नको. मूळ काढ फक्त." आणि लोसालिनेने मान हलवली, इस्पितळात पुढच्या माणसाला आत बोलावताना हलवते तशीच.

शनिवारी पहाटे आम्ही कबरस्तानात जमलो. कबरीवर शोभेला लावतात ती रजई आणि कागदाची फुलं बाजूला काढली, प्रार्थना झाली, माणसांनी वाळू उपसली. मानासेला खुर्चीवर बसवलं होतं, पाय दुसऱ्या खुर्चीवर. चटया कुजून गेल्या होत्या. झाडाच्या सालीच्या कापडाचे काळपट तुकडे उरले होते आणि त्यांच्यामध्ये केलेपी होता.

लोसालिने खाली उतरली. गुडघ्यावर बसली. मी वरून तिचा चेहरा बघत होतो. काहीच नव्हतं त्यावर. कबरीशेजारच्या चाफ्याचं पेन्सिलीएवढं मूळ नडगीभोवती खरोखरच वळसे घालून बसलं होतं. वर उभ्या सगळ्यांनी एकदम श्वास सोडला. तिने मूळ कापलं नाही. पट्टी सोडवावी तसं एकेक वेढा उलटा फिरवत मोकळं केलं आणि वर दिलं.

"मानासे?" पेलेनाइसेने विचारलं.

"थांब की, अक्का. मेलेल्याला वेळ लागला, मला लागणार नाही?"

मग लोसालिनेने एकेक हाड घेऊन खोबरेलाने पुसायला सुरुवात केली. नव्या पांढऱ्या कापडावर मांडत गेली. पाय झाले, बरगड्या झाल्या. उजव्या हाताची कोपराखालची दोन हाडं घेतली आणि थांबली. पुन्हा पुसली. उजेडात धरली.

"वन्सं, हे कधी मोडलं?"

"काय?"

"हा हात. मधोमध मोडलाय. दोन्ही हाडं. वाकडी जुळलीत." तिचा आवाज इस्पितळातल्या खोलीतला होता, कामाचा. "कोणी बसवलं हे?"

पेलेनाइसे कडेला येऊन वाकली. मग तिला हसू फुटलं. "अगं बाई! लहान होता. आंब्यावरून पडला. बाबांनी नारळाच्या झावळीच्या दांड्या लावून बांधला होता."

"मला कसं माहीत नाही?"

"तूच प्लॅस्टरवाली! लग्न ठरलं तेव्हा आम्हाला शपथ घातली त्याने. म्हणाला, लोसाला सांगू नका, ती वाकडं काही ठेवत नाही. पहिल्याच रात्री मोडून पुन्हा बसवेल."

खणणारी माणसं फावड्यांवर रेलून हसली. मानासे खुर्चीत हसला. मीही हसलो, काय करणार, केलेपी तसाच होता. लोसालिने हाडं हातात धरून बसली होती.

"म्हणून तो ताट डाव्या हाताने घ्यायचा," ती म्हणाली. "मला वाटायचं, डावखुरा आहे. हा तळवा वर वळतच नसणार. हात पुढे करून कधी काही घेता आलं नसेल त्याला."

तिने उजव्या हाताची जागा केली. दंड ठेवला, मग ती दोन वाकडी हाडं, पण होती तशी नाही, फिरवून. मग मनगटाची, बोटांची बारीक हाडं एकेक करून लावली, तळवा आकाशाकडे करून. तिला खूप वेळ लागला. कोणी घाई केली नाही. शेवटचं हाड ठेवून तिने आपला तळवा त्या सगळ्यावरून फिरवला, जेमतेम स्पर्श होईल असा. कापड दुमडलं आणि वर यायला हात पुढे केला. मी ओढून घेतली.

मानासेचा पाय पुढे हळूहळू मोकळा झाला. पावसाळ्याआधी तो बोटीवर गेला. पेलेनाइसे म्हणते मूळ काढलं म्हणून, डॉक्टर म्हणतात व्हायचंच होतं. लोसालिनेला विचारलं तर ती म्हणते, "चालतोय ना?"

त्या दिवशी कबरस्तानातून आम्ही दोघं चालत आलो. घराजवळ आल्यावर ती म्हणाली, "मामा, मला वाटलं होतं, रडू येईल."

"मग?"

"नाही आलं." थोडं चालून म्हणाली, "भूक लागलीय."

केलेपी गेल्यापासून ती हा शब्द बोलली नव्हती. मी काही दाखवलं नाही. इतकी वर्षं नाटक केलं, तेवढं तरी जमायलाच हवं. घरात शिरलो, झाकलेलं भांडं उघडलं आणि तिच्यापुढे ठेवलं. नारळाच्या दुधातली अळूची पानं होती, गार झालेली. ती भिंतीला टेकून बसली आणि भांडं संपेपर्यंत खात राहिली.