बुधवारची पालेभाजी

लंडनच्या इल्फर्ड भागातल्या त्या शेअर्ड घरात किचन एकच होतं, आणि पालेभाजीतलं कळणाराही मी एकटाच, असं माझं ठाम मत होतं. वरच्या खोलीत एक इथिओपियन बाई राहायची. तिचं नाव मी दोनदा विचारून विसरलो; तिसऱ्यांदा विचारायची लाज वाटली.

एका बुधवारी ती पालेभाजी करत होती. कांदा तेलाशिवाय, कोरड्याच पातेल्यात, सावकाश परतत होती. मला ते बघवेना. मग थोडं तेल, आलं, लसूण, वेलची आणि चिरलेली पानं पडली. ती ताट आणायला वर गेली, तेवढ्यात मी आईने पाठवलेलं साजूक तूप चमचाभर भाजीत सोडलं. तेवढाच परोपकार!

खाली येऊन तिने सवयीप्रमाणे झाकण उघडलं, हाताने वाफ नाकाशी ओढली आणि थबकली.

"बटर घातलंस?"

"घरचं तूप आहे," मी ऐटीत म्हणालो.

"आज माझा उपवास. बुधवारी आम्हाला दूध-तूप चालत नाही."

एकादशीला तुपातली साबुदाण्याची खिचडी दोनदा वाढून घेणाऱ्या मी तुपाचा चमचा हळूच पाठीमागे लपवला. तिने आंबोळीसारख्या मऊ पोळीचा तुकडा तोडला, त्यात भाजी भरली आणि घास थेट माझ्या तोंडाशी धरला.

"उपवास मला आहे, भाजीला नाही. खा."

भाजी अप्रतिम झाली होती. तुपामुळेच, असं मी मनात म्हणालोसुद्धा. समोर बसून ती नुसती पोळी खात होती.