शिदूची शेवटची चार पत्रे

२०२१च्या एप्रिलमधला तो गुरुवार होता. आयर्लंडमधल्या मेनूथ गावातल्या घरात दुपारचे ऊन स्वयंपाकघराच्या फरशीवर अर्ध्यापर्यंत आले होते. दोन मीटिंगांच्या मधल्या दहा मिनिटांत स्वरूपा वरच्या खोलीतून खाली आली, फोन उघडला आणि आईला वाचून दाखवू लागली.

"मामाचा मेसेज आहे, ऐक. 'आक्का, मी आता बरा आहे. तू अजिबात काळजी करू नकोस. रक्तदाबाच्या गोळ्या वेळेवर घेत जा. इथले डॉक्टर फार चांगले आहेत.'"

लीलावतीबाई भेंडी चिरत होत्या. त्यांची सुरी थांबली. त्यांनी मान वर केली ती मुलीकडे पाहण्यासाठी नव्हे, तर उघड्या दारातून दिसणाऱ्या जिन्याकडे. जिन्याच्या सगळ्यात खालच्या पायरीवर, करड्या गालिच्यावर, हौसाकाकू बसली होती. एक गुडघा वर, डोक्यावर पदर, नजर वाचणारीच्या तोंडाकडे. हौसाकाकूला जाऊन एकतीस वर्षे झाली होती.

"बरं," लीलावतीबाई म्हणाल्या, आणि त्यांनी पुढची भेंडी घेतली.

त्या आयर्लंडला आल्या होत्या तीन महिन्यांसाठी, २०२०च्या फेब्रुवारीत, नातीला सांभाळायला. मार्चमध्ये विमाने थांबली. सरकार पाहुण्यांच्या मुक्कामाची मुदत दर काही महिन्यांनी आपणहून वाढवत गेले आणि तीन महिन्यांचे चौदा झाले. साताऱ्यात मेमध्ये ठरलेली मोतीबिंदूची शस्त्रक्रिया राहूनच गेली. चौतीस वर्षे जिल्हा परिषदेच्या शाळेत मुलांना वाचायला शिकवलेल्या बाईला आता फोनवरची अक्षरे मुंग्यांच्या रांगेसारखी दिसत. त्या धुक्यात मुलगी, जावई, नात, सगळी जिवंत माणसे कडेने पुसट झाली होती. हौसाकाकू तेवढी स्वच्छ दिसे.

बाळू त्यांचा पाच वर्षांनी धाकटा भाऊ. गावाकडे डाळिंबाची बाग राखून होता. दर रविवारी त्याचा फोन येई, आणि ठेवताना तो एकच प्रश्न विचारी.

"आक्का, तिळाचे लाडू केलेस का?"

"गप बस, मेल्या."

"गप कशाला? नरकात एकटी जाऊ नकोस एवढंच म्हंतोय. मी हाय संगं."

स्वरूपाला वाटे, ही भावंडांची कसली तरी जुनी थट्टा आहे. ती थट्टा नव्हती.

एप्रिलच्या दुसऱ्या आठवड्यात बाळूला साताऱ्याच्या दवाखान्यात ऑक्सिजनवर ठेवले. तोंडावर मास्क, बोलता येईना. मग तो खुणा करून, पाटीवर लिहून सांगे आणि त्याचा मुलगा सतीश ते फोनवर पाठवी. ते निरोप बाळूचेच होते, यात शंका घ्यायला जागाच नव्हती. 'हितला चहा म्हंजे नुसतं गरम पाणी.' 'शेजारचा म्हातारा माझी बिस्किटं खातो आन वर मलाच विचारतो, संपली का म्हणून.' 'सतीशला बागेत पाणी सोडाय सांग, ते पोरगं माझं ऐकत न्हाय.' सहा दिवस हे असे चालले. आणि मग गुरुवारी अचानक डॉक्टर फार चांगले झाले.

* * *

माण तालुक्यातल्या त्या गावात १९७१ साली पाऊस दुसऱ्यांदा हुकला होता. जिथे बाजरीसुद्धा धड येत नाही तिथे सैन्यभरती हेच बारमाही पीक असते. गावात घरटी एक जवान होता आणि डिसेंबरात त्यातले बहुतेक सीमेवर होते. देवळापुढे एकच ट्रान्झिस्टर लागे. त्याच्याभोवती बायाबापड्या बातम्या ऐकत बसत आणि त्यातले एकही गाव कुठे आहे हे कोणाला सांगता येत नसे.

लीलाचे वडील गावचे पोस्ट सांभाळत. पोस्ट म्हणजे त्यांच्याच घराची ओसरी, एक लाकडी पेटी आणि एक शिक्का. वडिलांची पत्रे वाचण्याची रीत सरकारी, कोरडी. लीला पाचवीत होती आणि तिचे वाचणे बायकांना आवडे. ती थांबण्याच्या जागी थांबे. लिहिणाऱ्याचा राग असेल तिथे रागाने वाची. त्यामुळे पत्र आले की बाया म्हणत, "लीलीला बोलवा."

हौसाकाकूचा एकुलता मुलगा शिदू. त्याची पत्रे म्हणजे सगळ्यांची करमणूक असे. आईची खुशाली विचारण्याआधी तो बैलाची विचारी. पलटणीच्या लंगरच्या आचाऱ्याला शिव्या घाली, मोजे मागे, चटणी मागे, आणि मागच्या वेळची चटणी खारट होती हेही कळवी.

लढाई थांबल्यावर तीन दिवसांनी तालुक्याहून तार आली. वडिलांनी ती दोनदा वाचली आणि सरपंचाकडे गेले. शिदूच्या बायकोला आठवा महिना लागला होता. आधीची दोन मुले राहिली नव्हती. ओसरीवर पाच पुरुष बसले आणि त्यांनी ठरवले, की बाळंतपण सुखरूप होईपर्यंत कोणाला काही कळता कामा नये. त्यांच्या मनात दयाच होती. ती खोटी होती असे म्हणता येणार नाही. परंतु दर पंधरवड्याला पत्राची वाट पाहत येणाऱ्या आईला काहीतरी ऐकवणे भाग होते, आणि त्या पाचांपैकी एकाचीही तिच्या डोळ्यांत बघून ते करण्याची तयारी नव्हती. वडिलांनी लीलाला बोलावले. एक कोरे अंतर्देशीय पत्र तिच्या हातात दिले आणि म्हणाले, "हे वाचायचं. शिदू बरा आहे, एवढंच."

लीलाने कोरा कागद डोळ्यांसमोर धरला. "आई, मी खुशाल आहे. तू माझी काळजी करू नकोस. स्वतःला जप." तिला वाटले, किती चांगले पत्र झाले.

हौसाकाकूने डोक्यावरचा पदर सारखा केला. मग म्हणाली, "मागितलं न्हाई व्हय काय त्यानं?"

लीला गडबडली. संक्रांत जवळ आली होती. ती म्हणाली, "मागितलंय की. तिळाचे लाडू."

अशी चार पत्रे झाली. दुसऱ्या पत्राच्या वेळी काकूने लाडू आणून दिले. तीळ बियाण्यासाठी राखलेले होते, हे गावात सगळ्यांना माहीत होते. वडील ते गाठोडे उंबऱ्यावर ठेवून लीलाकडे न बघता म्हणाले, "टाकून दे कुठेतरी." त्या दिवसांत घरात सकाळच्या भाकरीचा अर्धा तुकडा संध्याकाळी पाण्यात भिजवून खात. लीलाने गाठोडे वैरणीच्या खोलीत नेले. सहा वर्षांचा बाळू मागोमाग आला. दोघांनी मिळून अकराही लाडू खाल्ले आणि शेवटी फडक्यातला चुरासुद्धा बोटाने टिपून घेतला. लाडू फार गोड होते. ती गोडी लीलावतीबाईंच्या तोंडातून आजवर गेली नव्हती. त्यानंतर त्यांनी तीळ तोंडात घातला नाही. लोक समजत, पित्त होत असेल.

जानेवारीच्या अखेरीस शिदूच्या बायकोला मुलगा झाला आणि बाराव्या दिवशी काकूला सांगण्यात आले. ती रडली नाही. "बरं," म्हणाली आणि घागर उचलून पाण्याला गेली. पुढल्या वर्षी सगळा गाव दुष्काळी कामावर खडी फोडायला गेला, मुले सरकारी सुकडीवर वाढली, आणि एका जवानाचे मरण त्या मोठ्या उपासमारीत दिसेनासे झाले. काकू त्यानंतर कधी पत्र वाचून घ्यायला आली नाही. पुढे शिक्षिका झालेल्या लीलावतीबाईंनी चौतीस वर्षांत एकाही मुलाच्या तोंडी घरी निरोप धाडला नाही. काही सांगायचे असले की त्या स्वतः पायी जात.

* * *

शनिवारी स्वरूपाने आणखी एक मेसेज वाचला. त्यातही बाळू बरा होता.

लीलावतीबाईंनी विचारले, "काही मागितलं नाही का त्यानं?"

स्वरूपाने फोनवर बोट फिरवले. "मागितलंय ना. बरा झालो की तुझ्या हातची पुरणपोळी पाहिजे म्हणतोय."

पुरण पाहिले की बाळू ताटावरून उठे.

जिन्याच्या पायरीवर हौसाकाकूने पदर सारखा केला. आणि एकोणपन्नास वर्षे डोळ्यांसमोर असलेली एक गोष्ट लीलावतीबाईंना त्या क्षणी प्रथमच दिसली: ते गाठोडे शिवलेले नव्हते. पलटणीत जाणारे पार्सल मांजरपाटात शिवावे लागते, शिवणीवर लाख लावावी लागते, वर पत्ता लिहून घ्यावा लागतो. काकूने याआधी तीन पार्सले स्वतः शिवून आणली होती. शिवणीचे टाके लीलाने मोजले होते. लाडू मात्र तिने जुन्या फडक्यात बांधून आणले, सैल गाठ मारून. पोस्टमास्तरच्या मुलीच्या ते लक्षात यायला हवे होते.

म्हणजे पहिल्याच पत्राला काकूने ओळखले होते. तिला ठाऊक होते की लाडू कुठे जाणार नाहीत. वाचणाऱ्या उपाशी पोरीच्या गालांची वर आलेली हाडे तिने समोर बसून पाहिली होती. आणि तरीही ती आणखी तीनदा आली, बसली, ऐकून गेली. घरात सून होती, बाहेर गाव होते. तिला रडायला कुठे जागाच नव्हती.

लीलावतीबाईंना वाटत आले होते की आपला अपराध लाडवांचा आहे. तो त्याहून मोठा, एका आईचे रडणे अडवून धरल्याचा, निघाला आणि त्याची माफी मागायला कोणी उरले नव्हते. त्या नरकात सोबत यायला तयार असलेला एकटा माणूसही, हे आता उघडच होते, पुढे निघून गेला होता.

त्या गप्प राहिल्या. काकूने केले तेच त्यांनी केले. मुलीचा चेहरा आठवड्यात ओढल्यासारखा झाला होता. वरच्या खोलीत ती नळ सोडून रडते हे त्यांना ऐकू येई. दिवसाकाठी एक मेसेज येई. तो ऐकून त्या "बरं" म्हणत आणि मनात दिवस मोजत. तिसरा. पाचवा. गोळ्या वेळेवर घेत. आपण मुलीला सांभाळतो आहोत असे त्यांना वाटे, आणि मुलगीही तेच समजत असणार.

नवव्या दिवशी, शुक्रवारी, स्वरूपाला खाली यायला वेळ झाला नाही. तन्वी नुकतीच शाळेतून आली होती. आठ वर्षांची, मराठी सगळे समजे, उत्तर मात्र इंग्रजीत देई, इथल्या मुलांच्या हेलात. जिन्याच्या वरच्या टोकावरून स्वरूपाचा दबका आवाज आला, "आजीला सांग, बाळूआजोबांचा मेसेज आला होता. बरे आहेत म्हणावं."

तन्वी स्वयंपाकघरात आली. तिने प्रेस, म्हणजे इथल्या भाषेत कपाट, उघडून बिस्किटांचा डबा काढला, आणि पाठमोरीच म्हणाली, "बाळूआजोबा इज ग्रँड, आजी."

"हो का?"

तन्वी वळली. आजीचा चेहरा तिने पाहिला. त्या चेहऱ्याला आणखी काहीतरी हवे आहे हे तिला कळले, आणि ती थांबण्याच्या जागी थांबली. "ही एट ऑल हिज डिनर. अँड ही वॉज लाफिंग."

हे तिला कोणी सांगितलेले नव्हते. हे तिने स्वतः घातले होते, आजीसाठी, आणि ते फार छान घातले होते.

लीलावतीबाईंनी हात पुसले. जिन्याच्या कठड्याला धरून त्या एकेक पायरी वर चढल्या. खालच्या पायरीवर पाय ठेवताना त्या थोड्या बाजूने गेल्या. स्वरूपाचा लॅपटॉप उघडा होता आणि त्यातून कोणी पुरुष सावकाश काही समजावत होता.

"बाळू कवा गेला?"

स्वरूपाने आईकडे पाहिले. लॅपटॉपमधला माणूस बोलतच होता.

"मागच्या गुरुवारी. सकाळी."

"मला वाटलंच."

"आई, सगळ्यांनी मिळून ठरवलं गं. सतीशदादा म्हणाला, आत्याला कळवू नका, ती तिकडे एकटी..."

"एकटी कशी? तू होतीस की."

स्वरूपा खुर्चीतून उठली ती तशीच आईच्या खांद्यावर कोसळली. आता नळ सोडायची गरज नव्हती. लॅपटॉपमधून आवाज आला, "स्वरूपा? यू ऑलराइट देअर?" तिने हात लांब करून तो मिटला.

तन्वी दारात उभी होती, बिस्किटे हातात तशीच. "आजी, डिड आय से इट राँग?"

हा प्रश्न लीलाला ओसरीवर कोणाला विचारता आला नव्हता. लीलावतीबाई खाली वाकल्या. "नाही, बाळा. चूक तुझी नाही. ते काम तुझं नव्हतं. मोठ्यांचं होतं. पुन्हा असं कुणी सांगायला लावलं, तर म्हणायचं, तुम्हीच जाऊन सांगा. मी सांगितलं तरीसुद्धा."

"इज ही डेड?"

"हो."

तन्वीने मान हलवली. तिच्या चेहऱ्यावरून काहीतरी उतरले. काय, ते मोतीबिंदूच्या धुक्यातून नीट दिसले नाही.

उद्या दहावा. साताऱ्याला जाता येणार नव्हते. बाळूला शेवटचे तर घरच्यांनीही दुरूनच पाहिले होते. लीलावतीबाई खाली आल्या. चिरायला घेतलेली भाजी तशीच होती, ऊन फरशीवरून भिंतीवर गेले होते. शेजारच्या आयरिश म्हातारीची भिंत याच घराला लागून होती. इकडचे सगळे तिकडे ऐकू जाई, म्हणून या घरात चौदा महिने कोणी मोठ्याने बोललेसुद्धा नव्हते.

त्या जिन्याच्या खालच्या पायरीवर बसल्या. अगदी कडेला, भिंतीकडची जागा सोडून. पदर डोक्यावर घेतला आणि गावातल्या बाया काढतात तसा हेल काढून, भावाचे नाव घेऊन, मोठ्याने रडू लागल्या.