शीलाताईंनी गाळलेला शब्द

कूलरमधल्या खसाचा ओला, मातकट गंध, गालाखाली दबलेली उशी आणि पाठीमागून येणारा एका बाईचा खणखणीत आवाज. गेल्या उन्हाळ्यात माझं सारं जग एवढंच उरलं होतं. नागपुरात धंतोलीत डोळ्याच्या पडद्याची शस्त्रक्रिया झाली आणि डॉक्टरांनी फर्मावलं, तीन आठवडे पालथं झोपायचं, वाचायचं नाही. वाचायचं नाही! जन्मभर कॉलेजात फ्रेंच शिकवलेल्या आणि पुस्तकांखेरीज दुसरा संसार न केलेल्या बाईला हे सांगायचं म्हणजे काय बोलणं झालं?

त्यातून वेळ अशी, की ज्या फ्रेंच लेखकावर मी विशीपासून जीव लावला, त्याच्या कादंबरीचा माझा अनुवाद पुरा झाला होता आणि शेवटचा हात फिरवून तो त्याच महिन्यात छापायला द्यायचा होता. हा लेखक गरिबांचा. प्रासादांतल्या झुंबरांकडे पाठ फिरवून तो अंधाऱ्या तळघरांत उतरला. गोदीवर फाटकी पोती शिवून पोट भरणारी एक बाई त्यानं कादंबरीच्या मधोमध आणून बसवली आणि एरवी तिच्याकडे ढुंकूनही न पाहणाऱ्या वाचकांना चारशे पानं तिच्याशेजारी बसायला लावलं. धरमपेठेतल्या आमच्या सुखवस्तू घरात ते पुस्तक मांडीवर घेऊन मी किती रडले असेन! वाटायचं, दारिद्र्याचं अंतःकरण आपल्याला उमगलं. मागच्या अंगणात भांडी घासणाऱ्या बाईशी मी त्या काळात चार शब्दही बोलत नसे, हा भाग निराळा.

तर मला सांभाळायला आलेल्या शीलाताई माझं हस्तलिखित वाचून दाखवू लागल्या. दवाखान्यातून घरी आलेल्या पेशंटची देखभाल करणं हा त्यांचा व्यवसाय. शिक्षण दहावीपर्यंतचं, पण वाचन असं स्वच्छ, की माझ्या कित्येक विद्यार्थ्यांनी लाजावं. माझी लांबलचक, समासांनी लगडलेली वाक्यं आली, की मात्र मध्येच थांबून विचारत, "म्याडम, या वाक्यात श्वास कुठं घ्याचा?"

ओळन् ओळ मला पाठ. त्यामुळे दुसऱ्याच दिवशी ध्यानात आलं, की एक शब्द त्या दरवेळी गाळतात. मी लिहिलेलं, 'ती बिचारी पोती उचलून निघाली'. त्या वाचत, 'ती पोती उचलून निघाली'. झालं! माझ्यातली मास्तरीण जागी झाली. मी मायेनं, हो, अगदी मायेनंच म्हटलं, "अडतंय का कुठं? फोड करून वाचा. बि, चा, री."

 त्या म्हणाल्या, "वाचता येते मले, म्याडम. म्हणत नाही."

"काहून?" माझ्याही तोंडून नागपूरच बाहेर पडलं.

त्यांचे आजोबा बौद्ध धम्माची दीक्षा घेऊन घरी आले, तेव्हा जुने देव उतरवले आणि त्यांच्याबरोबर हा एक शब्दही घराबाहेर काढला. नातींपैकी कुणी चुकून उच्चारला, तर म्हणत, "बिचारी कोन वं? तिले हात नाही का, जबान नाही का?" आजारी माणसाला काय, गेलेल्या माणसालाही त्या घरात कुणी तो शब्द लावला नाही. "आता जिभेवर येतच नाही," शीलाताई म्हणाल्या. आणि पुढं, "तुमचा लेखक मोठा असंन. पण तो त्या बाईची एवढी कीव काहून करून राहिला?"

अगं आई गं! काय विचारलं हे? खरंच त्यानं तिची कीव केली असेल, तर चाळीस वर्षं मी कुणावर जीव लावला? आणि हे पुस्तक आता कुठल्या तोंडानं छापायला देऊ?

उशीत नाक खुपसलेलं असताना मला माझाच धडा आठवला. फ्रेंचमध्ये 'पोव्र' असा एक शब्द आहे. तो बाईच्या नंतर आला तर ती निर्धन, आधी आला तर ती बिचारी. फरक फक्त जागेचा! दरवर्षी मी हे फळ्यावर लिहून दिलं आणि चुकणाऱ्यांचे गुण निर्दयपणे कापले. मग अनुवाद करताना मी मुळात नेमकं काय पाहिलं होतं?

शीलाताईंनी कपाटातून मूळ पुस्तक काढलं. त्या शब्दाखाली मी तरुणपणीच पेन्सिलीनं रेघा मारून ठेवल्या होत्या. म्हटलं, "एफनं सुरू होणारा शब्द म्हणजे बाई. पीचा शब्द तिच्या आधी आहे, की नंतर?"

"आधी एफ. मंग पी." पान उलटलं. "एफ, पी." पुन्हा तेच. पुन्हा तेच!

तिच्याजवळ पैसा नाही, एवढंच तो सांगत होता. पुढचं सारं त्यानं तिच्या हातांवर सोपवलं होतं. कीव माझी होती. मनात प्रेम होतं हो, खोटं नव्हतं. पण ते पलंगावर बसून जमिनीवरच्या माणसाला दिलेलं प्रेम होतं. प्रेम करताना आपण बसलो कुठं आहोत, हे आपण कधी पाहतो का? मला लाज वाटली, आणि माझा लेखक मला परत मिळाला म्हणून आनंदही झाला.

"थांबा म्याडम, इथं पी आधी हाय."

 मी त्यांना पुढची अक्षरं एकेक करून सांगायला लावली, ती मनात जुळवली आणि हसूच फुटलं. ते वाक्य जहाजमालकाच्या पत्नीबद्दलचं होतं. बारा माणसांचं टेबल मांडून ती एकटीच जेवायला बसते, तिथलं. अनुवादात मी तिला नुसतं 'बाईसाहेब' केलं होतं. तिला बिचारी म्हणावं, हे मला सुचलंच नव्हतं!

अर्थ सांगितला तशा शीलाताई खळखळून हसल्या. पोती शिवणाऱ्या बाईमागचा तो शब्द त्यांनी पानापानावर खोडला. मग बाईसाहेबांच्या ओळीवर पेन थांबलेलं मला ऐकू आलं.

"इथं लिहून देते," त्या म्हणाल्या. "म्हणा मात्र तुम्हीच."

मी उशीतूनच तो शब्द मोठ्यानं म्हटला. त्या खोलीत तो म्हणणारी मी एकटीच होते.