लिलावानंतरचा महिना

आमचं घर लिलावात गेलं त्या संध्याकाळी बाबांनी माळ्यावरून ट्रंका काढल्या. वाफेच्या इंजिनांचे दिवस होते आणि बाबा झाशीच्या लोको शेडमध्ये फिटर. "गाडी सुटली की सुटली," म्हणाले. "मागून पळणाऱ्याचं हसंच होतं."

काकांच्या लाकडाच्या वखारीसाठी बाबांनी घर गहाण टाकलं होतं. वखार बुडाली, काकांनी हात वर केले, आणि सावकारानं कोर्टातून मानिक चौकामागचं आमचं घर विकायला काढलं. बडा बाजारातल्या एका कापडवाल्यानं ते घेतलं. दारात लिलावाच्या दवंडीची डुग्गी वाजली तेव्हा सगळी गल्ली ओट्यांवर येऊन बघत होती. बाबांना आता कुणाला तोंड दाखवायचं नव्हतं.

"अहो, ठेवा त्या ट्रंका," आई म्हणाली. "मी जरा विचारून येते."

"कुणाला?"

"सांगेल त्याला."

आई झाशीतल्याच जुन्या मराठी घरातली. माहेरी पिढ्यान्‌पिढ्या जमिनींचे खटले, त्यामुळे कोर्टाला भ्यायचं असतं हे तिला कुणी शिकवलंच नव्हतं. दुसऱ्या दिवशी मला बरोबर घेऊन ती कचेरीत गेली आणि झाडाखाली बसलेल्या एकेकाला विचारत सुटली, "भैया, बिका हुआ घर वापस कैसे आता है?" माणसं हसायची. मी कॉलेजात जाणारी मुलगी, लाजेनं मेल्याहून मेल्यासारखी झाले. शेवटी एका म्हाताऱ्या वकिलानं मान वर केली. "आता है, बाई जी. महीने भर में पूरा कर्जा कोर्ट में भरो, और खरीदार को सैकड़ा पाँच ऊपर से. बिक्री रद्द."

अगं बाई! इतकं सरळ होतं, आणि आम्ही ताटवाट्या बांधायला निघालो होतो!

बाबांना मात्र हुरूप येईना. "सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं नाही आणता येत."

आईच्या पाटल्या गेल्या, तरी पुष्कळ कमी पडत होतं. मग तिनं जे केलं ते आठवलं की आजही माझ्या अंगावर काटा येतो. रेल्वे क्वार्टरची वाट बघत धर्मशाळेत दिवस काढणारी दोन कुटुंबं तिला ठाऊक होती, एक गार्डाचं, एक तारबाबूचं. त्यांना ती आमच्या पुढच्या खोल्या भाड्यानं द्यायला गेली. काही वर्षांचं भाडं आगाऊ मागितलं. आणि पहिल्याच वाक्यात सांगून टाकलं, "घर नीलाम हो चुका है." मी तिचा पदर ओढत राहिले, पण ऐकेल तर शपथ! "पैसा मेरे हाथ में मत देना," ती म्हणाली. "मेरे साथ चलो, कोर्ट में अपने हाथ से भरो."

गार्डाची बायको आत जाऊन पैशांचा डबा घेऊन आली, आणि तिच्या मागोमाग तारबाबूही तयार झाले. विकलेल्या घराचं भाडं! माणसं माणसांवर एवढा विश्वास टाकतात, हे मी तोवर पाहिलं नव्हतं.

मुदत संपायच्या आत पैसे भरले गेले. विक्री रद्द झाली त्या दिवशी कापडवाला कोर्टाच्या पायरीवर आईला म्हणाला, "वकील कौन सा किया था, बहन जी?"

"कोई नहीं. पूछती रही."

त्याला हसू आवरेना. मला तर त्या क्षणी तिच्या पाया पडावंसं वाटलं, पण पडले नाही, चारचौघांत कसं पडणार?

आम्ही घरी आलो तेव्हा पुढच्या खोल्यांत तारबाबूंची पोरं धुडगूस घालत होती. बाबा सवयीनं पुढच्या पायरीशी गेले आणि थबकले. आत जावं की नाही कळेना. आईनं त्यांचं कोपर धरलं.

"तिकडून नाही. काही वर्षं आपलं दार मागचं."

मागच्या दारानं आम्ही स्वयंपाकघरात शिरलो. आता तेवढंच आमचं होतं. बाबा चुलीपाशी भिंतीला टेकून बसले, हात फिरवून ती भिंत चाचपली, आणि लेकरासारखे रडले. आईनं त्यांच्यापुढं पाणी ठेवलं आणि म्हणाली, "पाय जरा आवरून बसा. पोळ्या लाटायला जागा नाही."