इंदूबाईंचा वरोटा

आमच्या गल्लीत मिक्सर घरोघरी आहेत. पाटा-वरोटा एकट्या इंदूबाईकडे. अकोल्यात हार-गजरे विकणारी ही बाई, वय बासष्ट, मूलबाळ नाही. वरोटा माहेरचा, दर्यापूरचा. एरवी ती त्याने ठेचा वाटते. पण बारशाला बाळाच्या आधी पाळण्यात वरोटा निजवतात ना, म्हणून गल्लीत कुठेही बारसं निघालं की त्याला न्हाऊ घालून, तेल लावून, स्वतः शिवलेलं निळं टोपडं चढवते.

वरोटा जातो, इंदूबाई जात नाही. मूल नसलेल्या बाईनं पाळण्यापाशी येऊ नये, असं कुणी बोलून दाखवत नाही. फक्त बोलावत नाही. तो परत आला की ती एवढंच विचारते, "नाव काय ठेवलं?" मी जन्मभर वनस्पतिशास्त्र शिकवलं, आणि दोन्ही नातवांच्या बारशाला वरोटाच तेवढा मागवला. लाज वाटते, पण आहे ते आहे.

या मार्चात शेजारच्या मंजुषाच्या लेकीनं, अपेक्षानं, मुलीचं बारसं माहेरी केलं. सव्वीस वर्षांपूर्वी अपेक्षाच्या आधीही पाळण्यात हाच निजला होता. मी न्यायला गेले, तर टोपड्याची नाडी बांधत इंदूबाई म्हणाली, "पोरगी कोणावर गेली?"

"जाऊन पाहा."

"मले कोण बोलावते, मॅडम."

नाडी बांधून झाली होती, तरी हात सुटत नव्हते.

"माह्ये गुडघे गेले," मी म्हटलं. "हा गोटा मले उचलत नाही. तुमीच घेऊन चाला."

"काल तं पाण्याची कॅन उचलून राहिल्या होत्या."

"काल होते गुडघे. चाला."

ती आली, पण उंबऱ्याशी थांबली. मंजुषानं वरोटा घ्यायला हात पुढे केले आणि माझ्याकडे पाहिलं. मी भिंतीवरचं कॅलेंडर वाचत राहिले. आतून अपेक्षा म्हणाली, "आई, सर ना बाजूले. मावशी, तुमचं पोट्टं तुमीच निजवा. आमच्या हातून पडलं तं पाळणा मोडन."

बायका हसल्या. मंजुषा सरली. इंदूबाईनं वरोटा निजवला, टोपडं सारखं केलं, मग उचलून बाजूला ठेवला. तशी अपेक्षानं बाळच तिच्या हातात दिलं. पाळण्यात ठेवायला तिनं जरा जास्तच वेळ लावला. मला उशीर खपत नाही, पण घड्याळाकडे पाहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी वाटीत ठेचा घेऊन ती दारात हजर. म्हणाली, "शर्वीचं नाक अपेक्षीवर गेलं."

नाव काय ठेवलं, ते या वेळी तिनं विचारलं नाही.